रुबी मायर्सचा पगार

मूकपटांतली नटी सुलोचना, म्हणजेच रुबी मायर्स, हिच्याबद्दल काहीही वाचायला घ्या, पगाराची गोष्ट पहिल्या दोन परिच्छेदांत येतेच. मूकपटांच्या ऐन भरात तिला महिना पाच हजार रुपये मिळायचे आणि मुंबईच्या गव्हर्नरलासुद्धा तेवढा पगार नव्हता. हे वाक्य इतक्या ठिकाणी भेटलं, की एकदा मी गव्हर्नरचाच पगार शोधून काढला. १९१९ च्या गव्हर्नमेंट ऑफ इंडिया अ‍ॅक्टमध्ये तो छापलेला आहे. मुंबईच्या गव्हर्नरला वर्षाला १,२८,००० रुपयांपर्यंत. सुलोचनाचे वर्षाचे होतात ६०,०००. म्हणजे दंतकथा खोटी. पण ती रचणाऱ्यांचा मला राग येत नाही. त्या काळात सोनं तोळ्याला वीस-बावीस रुपयांच्या घरात होतं. विशीतली एक मुलगी दर महिन्याला दोनशे तोळ्यांहून जास्त सोनं येईल एवढी कमाई करते, आणि तीही स्वतःच्या नावावर, हे मोजायला लोकांपाशी मापच नव्हतं. मग त्यांनी दिसत होतं ते सगळ्यात मोठं माप घेतलं, मलबार हिलवरचा लाटसाहेब.

मला सुलोचनाबद्दल लिहावंसं वाटतं ते या पगारापायीच. तिची कहाणी सहसा उदय आणि अस्त अशी सांगतात. टेलिफोनवरची मुलगी रातोरात राणी झाली, बोलपट आले, राणी विस्मृतीत गेली. ऐकायला छान लागतं, पण तिच्या चित्रपटांची साधी यादी वर्षांसकट समोर ठेवली तरी ही कहाणी टिकत नाही. त्या यादीत मला दिसते ती एक नोकरदार बाई. काम मिळेल तिथे जाणारी, काम बदललं तर नवं शिकून घेणारी, आणि सत्तरी ओलांडल्यावरही कॅमेऱ्यासमोर उभी राहणारी.

आधी एक खुलासा. सुलोचना म्हटलं की मराठी माणसाच्या डोळ्यांपुढे सुलोचनादीदी येतात, आणि लावणीचा विषय असेल तर सुलोचना चव्हाण. ही त्या दोघींच्याही आधीची. खरं नाव रुबी मायर्स, जन्म १९०७ चा, पुण्याचा. घराणं बगदादी ज्यूंचं. कोकणातले बेने इस्राएल, ज्यांना आपण शनवार तेली म्हणत आलो, ते पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलणारे. बगदादी मंडळी पुष्कळ उशिरा व्यापारासाठी आली. त्यांची अरबी घरातच राहिली आणि बाहेर त्यांनी इंग्रजी धरली. पुण्याच्या कॅम्पातलं लाल देऊळ, म्हणजे डेव्हिड ससून यांनी बांधवलेलं सिनेगॉग, हे त्यांचंच. रुबीची भाषा इंग्रजी होती, हे इथेच लक्षात ठेवायला हवं, कारण पुढे तिच्या आयुष्यातलं सगळ्यात अवघड वळण त्यावरूनच गेलं.

सिनेमात येण्याआधी ती टेलिफोन ऑपरेटर होती. हे वाक्य सगळे एका ओळीत उरकतात. मला तिथे थांबावंसं वाटतं, कारण माझी मावशी पुण्याच्या ट्रंक एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर होती आणि ते काम मी तिच्या तोंडून पुष्कळ ऐकलं आहे. समोर भिंतभर बोर्ड, त्यावर भोकांच्या रांगा. डोक्याला हेडफोन. दिवा लागला की कॉर्ड उचलायची, भोकात घालायची, नंबर विचारायचा, दुसरी कॉर्ड दुसऱ्या भोकात, मध्येच कान देऊन बोलणं सुरू झालं की नाही बघायचं, आणि हे सगळं होईपर्यंत आणखी चार दिवे लागलेले. मावशी म्हणायची, "बोलणाऱ्याचा चेहरा कधी दिसत नाही, पण चिडलाय की रडकुंडीला आलाय ते पहिल्या शब्दात कळतं." बोर्डावर असताना मान वळवायची नाही, आवाज चढवायचा नाही. सुपरवायझर पाठीमागे फेऱ्या घालत असायची. रात्रपाळी असली की वाड्यात कुजबुज व्हायची ती वेगळीच. पण पगार दर महिन्याला हातात पडायचा, आणि मावशीला आयुष्यभर त्या नोकरीचा अभिमान होता.

विसाव्या शतकाच्या पहिल्या तीस वर्षांत मुंबईत हे काम अँग्लो-इंडियन, ज्यू, पारशी मुलींकडे जायचं, कारण त्यांना इंग्रजी यायचं आणि घराबाहेर पडून पगार आणणं त्यांच्या घरात पाप समजलं जात नव्हतं. ही बाब नीट कळली की पुढची गोष्ट वेगळी वाचता येते. कोहिनूर फिल्म कंपनीचे दिग्दर्शक मोहन भवनानी यांनी रुबीला सिनेमात यायला विचारलं तेव्हा तिने चक्क नकार दिला. पुष्कळांना हा नखरा वाटतो. मला तो अगदी शहाणपणाचा वाटतो. हातात अब्रूची, पक्क्या पगाराची नोकरी असताना कुठली मुलगी अशा धंद्यात जाईल, जिथे बायका उभं राहायलाही तयार नाहीत? जेमतेम बारा वर्षांपूर्वी दादासाहेब फाळक्यांनी बायका शोधण्यासाठी कुठे कुठे हात पसरले आणि शेवटी अण्णा साळुंके यांना तारामती केलं, हे आपल्याला पाठ आहे. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी १९२० च्या 'सैरंध्री'साठी गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांना कॅमेऱ्यासमोर आणलं, तर लोकांनी त्यांना वाळीत टाकल्यासारखं वागवलं. भवनानी मात्र मागे हटले नाहीत. अखेर रुबी हो म्हणाली. अभिनयाचा तिला गंधही नव्हता. १९२५ मध्ये 'वीरबाला' आला आणि पडद्यावर तिचं नाव झालं सुलोचना.

(याच भवनानींनी पुढे १९३१ मध्ये दुर्गा खोटे यांना 'फरेबी जाल'मध्ये पहिल्यांदा पडद्यावर आणलं. दहा-एक मिनिटांचं काम, पण त्यावरून मुंबईतल्या सुशिक्षित मराठी घरांत जो गहजब झाला तो दुर्गाबाईंनी सोसला आणि मग 'अयोध्येचा राजा' करून दाखवला. इंग्रजी बोलणाऱ्या, शिकलेल्या मुलींना सिनेमात आणण्याचा भवनानींचा हट्ट मराठी पडद्याच्याही कामी आला, एवढं मात्र नोंदवलं पाहिजे.)

मूकपटातलं काम म्हणजे नेमकं काय, हे आज डोळ्यांपुढे आणणं अवघड आहे. उजेड बहुतेक सूर्याचाच. चांदीचा कागद लावलेल्या फळ्यांनी तो चेहऱ्यावर पाडायचा, त्यामुळे डोळ्यांत सारखं ऊन. कॅमेरा हाताने फिरवायचा. रीळ चालू असताना दिग्दर्शक शेजारी उभा राहून ओरडून सांगणार, आता दाराकडे बघ, आता पत्र वाच, आता कोसळ. त्या काळची फिल्म तांबड्या रंगाला आंधळी असायची. कुंकू, ओठ, गालांवरची लाली सगळं काळं उमटे. म्हणून चेहरा पांढुरक्या थराने झाकायचा आणि भुवया, डोळे पुन्हा काजळाने काढायचे. अशा लिंपलेल्या चेहऱ्याने, आवाजाशिवाय, मागे उभ्या माणसाच्या हुकमांवर एक माणूस उभं करायचं. आणि ते तुकड्यातुकड्यांनी जमवलेलं काम पुढे एखाद्या थिएटरात पेटी-तबल्याच्या साथीवर, पाट्या मोठ्याने वाचून दाखवणाऱ्याच्या आवाजात, हजार माणसांना एका दमात खरं वाटलं पाहिजे. दोन-तीन वर्षांत सुलोचनाला ते इतकं साधलं की पोस्टरवर तिचं नाव असणं पुरेसं ठरू लागलं.

१९२७ चा 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' हा तिचा चित्रपट मला पाहायला मिळावा अशी फार इच्छा आहे, आणि तो मिळणार नाही, कारण त्याची प्रत आज उरलेली नाही. कंपनी आता अर्देशीर इराणींची इंपीरियल, दिग्दर्शक भवनानीच. त्यात सुलोचनाने आठ भूमिका केल्या. माळी, पोलीस, हैदराबादी गृहस्थ, रस्त्यावरचं उनाड पोर, सोनेरी केसांची युरोपियन बाई, केळी विकणारी म्हातारी, झालंच तर आणखी. ही यादी मी कितीतरी वेळा वाचली आहे. मुंबईच्या एका गल्लीत उभं राहिलं तर पाच मिनिटांत जी माणसं समोरून जातील, तीच ही. आणि ती सगळी एकाच मुलीच्या अंगात. आपल्याकडे पुरुषाने बाई होण्याची परंपरा जुनी आणि मानाची. बालगंधर्वांनी नेसलेल्या शालूंची चर्चा घरोघरी होत होती, त्याच दिवसांत एक बाई पोलिसाची पगडी घालून पडद्यावर फिरत होती आणि लोक तिकीट काढून ते बघत होते. याची आठवण आपण ठेवली नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

तिच्या चित्रपटांची नावं बघा. 'टेलिफोन गर्ल', 'टायपिस्ट गर्ल', १९२६ ची. मग १९२९ चा 'इंदिरा बी.ए.'. सीता-सावित्री-दमयंतीच्या पडद्यावर अचानक कामाला जाणाऱ्या, पदवी घेतलेल्या मुली आल्या. त्या चित्रपटांत या मुलींची बाजू घेतली होती असं मात्र मी म्हणणार नाही. 'इंदिरा'चीच पुढे बोलपटात 'इंदिरा एम.ए.' झाली, तिच्यातली ऑक्सफर्डला शिकलेली नायिका वडिलांनी निवडलेला मुलगा नाकारून मनाजोगतं लग्न करते आणि त्याचे परिणाम भोगते. शिकलेली मुलगी बघायला लोकांना हवी होती आणि शेवटी तिला धडा शिकवलेलाही हवा होता. तरीसुद्धा, दीड-दोन तास पडद्यावर जी वावरली ती मोकळी बाई लोकांनी पाहिली, शेवटचं रीळ काही असो. पिटात बसलेल्या माणसाच्या मनात शेवट नाही, तिचं चालणं राहिलं, यात मला तरी शंका नाही. शिवाय टेलिफोनवरच्या मुलीचं काम टेलिफोनवर काम केलेली मुलगी करत होती. कॉर्ड कशी धरतात हे तिला कोणी शिकवावं लागलं नसणार.

१९२८ मध्ये 'अनारकली'ची शर्यत झाली. इम्तियाज अली ताज यांच्या नाटकावरून लाहोरकडच्या ग्रेट ईस्टर्न कंपनीने थाटामाटात अनारकली काढायला घेतली होती. तिची नायिका सीतादेवी, म्हणजे रेने स्मिथ, ही अँग्लो-इंडियन. इंपीरियलला सुगावा लागला. दिग्दर्शक आर. एस. चौधरींनी सुलोचनाला घेऊन झपाट्याने 'अनारकली' पुरी केली आणि आधी लावली. मोठ्या कंपनीचा तो खर्चिक चित्रपट मागे पडला. त्याच चौधरींबरोबर 'माधुरी', 'अनारकली', 'इंदिरा बी.ए.' असे तीन चित्रपट ओळीने गाजले. समोर नायक दिनशा बिलिमोरिया. या जोडीवर लोकांनी जीव टाकला. गांधीजींच्या हस्ते झालेल्या खादी प्रदर्शनाची एक छोटी फिल्म थिएटरांत दाखवायची होती, तेव्हा तिच्या जोडीला 'माधुरी'मधला सुलोचनाचा नाच ध्वनीची जोड देऊन लावला गेला, अशी नोंद सिनेमाच्या इतिहासात आवर्जून केली जाते. मला यात विसंगत काही वाटत नाही. गर्दी खेचायची तर त्या वर्षी ही दोनच नावं होती.

मग १४ मार्च १९३१. मॅजेस्टिक सिनेमात 'आलम आरा' लागला. भारताचा पहिला बोलपट, आणि तो काढला इंपीरियलनेच, सुलोचनाच्या स्वतःच्या कंपनीने. शेजारून जाणाऱ्या आगगाड्यांच्या आवाजामुळे रात्री-अपरात्री शूटिंग करून इराणींनी तो पुरा केला होता. नायिका झुबेदा. कंपनीची सगळ्यात महागडी नटी त्यात नव्हती, कारण तिला पडद्यावर बोलता येईल असं हिंदुस्तानी येत नव्हतं.

इथेच सगळे सांगणारे तिची कहाणी संपवतात, आणि इथेच माझं त्यांच्याशी भांडण आहे. सुलोचनाने वर्षभर काम थांबवलं आणि भाषा शिकली. विशीच्या मध्यावर, देशातली सगळ्यात मोठी तारका असताना, ती पहिल्यापासून धडे गिरवायला बसली. ज्या उर्दूत शब्दाचा नुक्ता चुकला तरी प्रेक्षक हसतो, त्या भाषेत तिला प्रेमाचे आणि शोकाचे संवाद म्हणायचे होते. १९३२ मध्ये 'माधुरी' बोलपट होऊन आला, त्यात ती होती. १९३४ मध्ये 'इंदिरा एम.ए.'. १९३५ मध्ये 'अनारकली', पुन्हा तीच, पुन्हा बिलिमोरिया. १९३६ मध्ये 'बम्बई की बिल्ली', म्हणजे जुना 'वाइल्डकॅट'. इंपीरियलने तिचेच गाजलेले मूकपट एकामागून एक बोलके केले. जिचा आवाज लोकांना चालत नाही, तिच्यावर कुठलाही मालक सलग चार वर्षं पैसे लावणार नाही. याच काळात तिने रुबी पिक्स नावाने स्वतःची निर्मितीसंस्थाही काढली. टेलिफोनच्या बोर्डावर बसणारी मुलगी बारा वर्षांच्या आत मालकीण झाली होती.

तिचे दिवस फिरले ते यानंतर, आणि बोलपटांवर त्याचं सगळं खापर फोडणं सोपं असलं तरी बरोबर नाही. १९३८ मध्ये इंपीरियल बंद पडली. ज्या कंपनीभोवती तिचं सगळं काम उभं होतं, ती गेली. बिलिमोरियाबरोबरचं पडद्यावरचं आणि पडद्याबाहेरचं नातं संपलं. ती तिशीत पोचली. आणि चित्रपटच बदलला. पुण्यात प्रभात, कलकत्त्यात न्यू थिएटर्स, मालाडला बॉम्बे टॉकीज. नायिकेने गायला हवं होतं. शांता आपटे पडद्यावर उभ्या राहून गात होत्या आणि लोक ती गाणी गुणगुणत घरी जात होते. सुलोचना गाणारी नव्हती. भाषा वर्षभरात शिकता येते, गळा नाही. ललिता पवारांसारखी मूकपटातून आलेली नटी चरित्र भूमिकांकडे वळून अर्धं शतक टिकली, पण त्यांना मराठी घरातल्या सासवा, माया, खाष्ट बायका हे सगळं रान मोकळं होतं. युरोपियन तोंडवळ्याच्या, पन्नाशीकडे झुकलेल्या बाईला हिंदी चित्रपटात भूमिका कुठल्या? मेमसाहेब, पार्टीतली पाहुणी, मिशनरी बाई. कधी एखादं बरं काम. १९४७ च्या 'जुगनू'त दिलीपकुमार आणि नूरजहाँबरोबर ती आहे.

आणि १९५३ ची 'अनारकली'. या वेळी फिल्मिस्तानची, नंदलाल जसवंतलाल यांनी दिग्दर्शित केलेली. 'बम्बई की बिल्ली' यांनीच केला होता. अनारकली झाली बीना राय. सुलोचना जोधाबाई. एकाच गोष्टीत पंचवीस वर्षांत तीनदा काम केलेली, दोनदा भिंतीत चिणली गेलेली आणि तिसऱ्यांदा सलीमची आई झालेली दुसरी नटी मला माहीत नाही. हे सांगताना पुष्कळजण हळहळतात. मी तो चित्रपट पाहिला तेव्हा तिच्याकडेच बघत राहिलो. मुलगा आणि नवरा यांच्यात अडकलेली आई, बोलायला फार नाही, कॅमेरा बहुतेक वेळ इतरांवर. पण ती ऐकते कशी ते पाहावं. समोरचा बोलत असताना चेहरा रिकामा पडत नाही, नजर कुठे भरकटत नाही. मूकपटात घडलेल्या नटाची ही जमेची बाजू, शब्द दुसऱ्याचे असतानाही तो प्रसंगात असतो.

तिच्या ऐन उमेदीतलं काम मात्र आपण घालवून बसलो. भारतात सुमारे तेराशे मूकपट निघाले. त्यांतले आज पूर्ण किंवा तुकड्यांत मिळून दोन-अडीच डझन उरले असतील. नायट्रेटची फिल्म ठिणगीने भडकायची, दमट हवेत चिकट होऊन सडायची, आणि तिच्यात चांदी असायची. बोलपट आल्यावर मूकपटांना गिऱ्हाईक उरलं नाही, तेव्हा कितीतरी रिळं चांदी काढण्यासाठी भंगारात गेली. १९६४ मध्ये पुण्यात फिल्म अर्काइव्ह सुरू झालं आणि पी. के. नायर यांनी गावोगाव फिरून जे वाचवता येईल ते वाचवलं, तोवर चाळीस वर्षं उलटली होती. २००३ मध्ये पुण्यातच नायट्रेटच्या साठ्याला आग लागली आणि जपलेल्यातलंही पुष्कळ गेलं. तिच्याच गावात, लॉ कॉलेज रोडवर, देशाचा सिनेमा सांभाळणारी संस्था उभी आहे, आणि ज्या 'वाइल्डकॅट'साठी लोकांनी रांगा लावल्या त्याचं एक रीळही आपल्यापाशी नाही. उरलीत ती पोस्टरं, जाहिराती, स्थिरचित्रं. त्यांतली ती हलत नाही, आणि तिची सगळी विद्या तर हलण्यातच होती.

१९७३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला मिळाला. हा पुरस्कार सुरू झाल्यापासून पाचवी ती, आणि बायकांत देविकाराणींनंतर दुसरी. ज्यांच्या नावाचा पुरस्कार, त्यांना पहिल्या नायिकेसाठी एक बाई मिळाली नव्हती. पुरस्कारानंतर ती घरी बसली नाही. मिळतील ती छोटी कामं घेत राहिली. १९७८ च्या बासू चटर्जींच्या 'खट्टा मीठा'त, मुंबईतल्या पारशी घरांच्या त्या गोड गोष्टीत, ती आहे. तेव्हा ती एकाहत्तर वर्षांची होती. पाच वर्षांनी, ऑक्टोबर १९८३ मध्ये, मुंबईत ती गेली. पुन्हा कधी टीव्हीवर 'खट्टा मीठा' लागला तर अशोककुमार आणि पर्ल पदमसींबरोबर तिलाही शोधा. 'वीरबाला'पासून त्रेपन्न वर्षं झाली होती, आणि ती अजून कामावर होती.